तळमजल्यावरची फ्रेंच आवृत्ती

मादाम कुणालाही पाठ दाखवत नसत. हे मी अलंकारिक भाषेत सांगत नाहीये, अगदी खरोखरच दाखवत नसत. दारात उभं राहून बोलणं झालं की त्या हसत हसत दोन पावलं मागे सरकायच्या, मग आणखी दोन, आणि चेहरा तुमच्याकडे ठेवूनच दार लावून घ्यायच्या. कॉफी आणायला स्वयंपाकघरात जायच्या त्याही उलट्या पावलांनी, एका हाताने मागची चौकट चाचपत. पंचाण्णव वर्षांची बाई अशी चालताना पहिल्यांदा पाहिली तेव्हा मी तिला धरायला हात पुढे केला होता. पण मी त्यांना ओळखत होते त्या तीन वर्षांत त्या कशालाही धडकल्या नाहीत. धडकले ती मी, त्यांच्या छत्र्यांच्या स्टँडला, आणि तेही सरळ चालत असताना.

न्युरेम्बर्गला आम्ही २०१० साली आलो. नितीनला, म्हणजे माझ्या नवऱ्याला, तिथल्या एका कंपनीत गिअरबॉक्सच्या डिझाइनचं काम मिळालं आणि मला मिळालं ते त्याच्या नोकरीला जोडलेलं रहिवासाचं कार्ड. पुण्यात मी सहा वर्षं सॉफ्टवेअर टेस्टिंग करत होते, म्हणजे दुसऱ्यांच्या चुका काढण्याचा पगार घेत होते. इथे आल्यावर सगळ्या चुका माझ्याच निघायला लागल्या. क्लास लावला, जर्मन वाचता येऊ लागलं, लिहिता येऊ लागलं, पण बोलायला तोंड उघडलं की घसा बंद. फोन तर मी उचलायचेच नाही. डॉक्टरची वेळ घेणं, घरमालकाशी हुज्जत, आम्टमधल्या, म्हणजे सरकारी कचेरीतल्या, चौकशा, सगळं नितीन ऑफिसातून करायचा आणि संध्याकाळी मला अहवाल द्यायचा.

मादामची ओळख झाली ती एका पार्सलमुळे. जर्मनीत तुम्ही घरी नसलात तर पार्सलवाला ते शेजाऱ्याकडे ठेवतो आणि तुमच्या पेटीत चिठ्ठी टाकून जातो. त्या दिवशी चिठ्ठीवर तळमजल्याचं नाव होतं. मी खाली गेले, मनात घोकलेलं वाक्य धडाधड म्हटलं. समोरच्या ठेंगण्या, पांढऱ्या केसांच्या बाईंनी पार्सल माझ्या हातात दिलं आणि म्हणाल्या, "तुम्ही घरी होतात. मला वरून पावलं ऐकू येत होती." मी कानापर्यंत लाल झाले. घरात होतेच मी. पण इंटरकॉमवर कुणीतरी जर्मनमध्ये काहीतरी विचारेल या धास्तीने बेल वाजल्यावर सोफ्यावर पाय घेऊन बसले होते. मी कशीबशी म्हणाले, "मला बोलायला नीट जमत नाही." त्यावर त्या म्हणाल्या, "मी इथे साठ वर्षं बोलते आहे. कोपऱ्यावरची बेकरीवाली अजून विचारते, सुट्टीसाठी आलात का." त्यांच्या जर्मनमध्ये प्रत्येक र घशातून खरवडून निघायचा. त्या मूळच्या फ्रान्सच्या, लिआँच्या. बेलवर नवऱ्याचं जर्मन आडनाव होतं, पण सगळी इमारत त्यांना मादामच म्हणायची.

नवरा जाऊन वीस वर्षं झाली होती. तो युद्धकैदी म्हणून मादामच्या मामांच्या शेतावर राबायला आला आणि सुटका झाल्यावर मामांच्या भाचीलाच घेऊन न्युरेम्बर्गला परतला, एवढं त्या एका वाक्यात सांगायच्या. पुढे तो खेळण्यांच्या कारखान्यात किल्लीच्या मोटारी बनवायचा. त्यांतली एक लाल मोटार टीव्हीवर असायची. मूलबाळ नव्हतं. लिआँला एक भाची होती, ती वर्षातून दोनदा येऊन फ्रिज भरून जायची आणि ती गेली की मादाम त्यातलं निम्मं मला आणून द्यायच्या.

त्यांची दुसरी सवय म्हणजे कुठेही पहिलं न जाणं. दुकानात रांग नसली तरी कुणीतरी येईपर्यंत त्या बरण्या निरखत थांबायच्या. ट्रेपनहाउस, म्हणजे इमारतीचा सामायिक जिना, धुवायची पाळी आमच्या आणि त्यांच्या घरात वाटून होती. महिना सुरू झाला की त्या मला म्हणायच्या, "आधी तुम्ही. मला दुसरं येण्याची सवय आहे. पहिलीचं काय चुकतं ते दुसरीला दिसतं." आणि मग पुढच्या आठवड्यात मी सोडलेला प्रत्येक कोपरा त्या बरोबर धुवायच्या. मी शंभर वर्षांच्या आसपासच्या बाईला जिना धुवू देते म्हणून नितीन माझ्यावर चिडायचा. एकदा तो बादली घ्यायला खाली गेला तर मादामनी त्यालाच ओला जिना दोनदा चढायला लावून पुसायला शिकवलं.

खाण्याच्या बाबतीतही तसंच. मी पोहे नेऊन दिले की त्या चव घेत, डोळे मिटून विचार करत आणि चार दिवसांनी मला खाली बोलावत. टेबलावर पोहेच असत, पण लोण्यात परतलेले, वर कांद्याच्या हिरव्या पातीसारखं काहीतरी बारीक कापलेलं. "फ्रेंच आवृत्ती," त्या ताटली पुढे सरकवत म्हणायच्या. थालीपीठाची फ्रेंच आवृत्ती चीज घातल्यामुळे तव्यावरून निघालीच नाही. साबुदाण्याच्या खिचडीची इतकी बिघडली की आम्ही दोघींनी ती चमच्याने उभी करून पाहिली. हे फ्रेंच आवृत्ती प्रकरण म्हणजे त्यांचा एक विनोद आहे असंच मी दोन वर्षं समजत होते. त्यामागचं काहीच मला माहीत नव्हतं, कारण मी कधी काही विचारलं नाही. विचारायला बोलावं लागतं.

२०१२ च्या एप्रिलमध्ये माझ्या सासूबाई तीन महिन्यांसाठी आल्या. साताऱ्याच्या, शाळेत गणित शिकवून निवृत्त झालेल्या, आणि परक्या देशात आल्यावर आवाज कमी करायचा असतो हे त्यांना कुणी सांगितलेलं नव्हतं. दुसऱ्याच दिवशी त्यांना मी खाली घेऊन गेले. निघताना मादाम उलट्या पावलांनी आत गेल्या, ते पाहून आई जिन्यात थांबल्या. "अगं, गाभाऱ्यातून बाहेर येताना आपण देवाला पाठ दाखवत नाही तशी ही बाई माणसाला दाखवत नाही," त्या म्हणाल्या. "संस्कार म्हणतात ते हे." तेव्हापासून त्या मादामबाई झाल्या. दोघींना एकमेकींचा एक शब्द कळत नव्हता आणि दोघींचं रोज दुपारी चार वाजता कॉफीवर बोलणं चालायचं. दुभाषी मी. आई मराठीत बोलणार, मी जर्मनमध्ये सांगणार, मादाम जर्मनमध्ये उत्तर देणार. माझ्या घशाला बंद पडायची सवडच मिळेना.

एका दुपारी आई म्हणाल्या, "विचार गं त्यांना, उलट्या का चालतात." मी म्हटलं, "अहो आई, असं कसं विचारायचं?" त्या म्हणाल्या, "तोंडाने." मी विचारलं. मादामनी कप खाली ठेवला, आमच्याकडे आळीपाळीने पाहिलं आणि म्हणाल्या, "सात चिमट्यांमुळे."

मग ती सगळी हकिगत निघाली. सतराव्या वर्षी मादाम सिनेमात होत्या. बोलपट नुकतेच आले होते आणि दुसऱ्या भाषेतला आवाज मागाहून भरायची सोय अजून नीट बसली नव्हती. म्हणून बर्लिनच्या स्टुडिओत एकच चित्रपट दोनदा काढत. आधी जर्मन नट येऊन प्रसंग करायचे आणि बाजूला व्हायचे. मग त्याच दिवाणखान्यात, त्याच दिव्यांखाली, जमिनीवरच्या त्याच खडूच्या खुणांवर फ्रेंच नट उभे राहायचे आणि तेच सगळं फ्रेंचमध्ये करायचे. एक हॉटेल, त्यातले घोटाळे, शेवटी दोन लग्नं, असा तो चित्रपट होता. नाव सांगून उपयोग नाही, तुम्ही ऐकलेलं नसणार. हॉटेलात फोन जोडून देणाऱ्या मुलीचं काम जर्मन आवृत्तीत एका धष्टपुष्ट मुलीला होतं आणि फ्रेंच आवृत्तीत मादामना. पोशाख एकच. "ती अंगाने भरलेली, मी काडी," मादाम सांगत होत्या. "तिचा झगा गरम असतानाच माझ्या अंगावर यायचा. मागून आवळायला कपडे वाळत घालायचे सात चिमटे. आता कॅमेऱ्याला पाठ कशी दाखवणार? खोलीतून बाहेर जायचं तेही उलटं. दिग्दर्शक म्हणाला, ठीक आहे, हॉटेलातली माणसं अदबशीर असतात."

"किती दिवस चाललं हे?" आईंनी विचारलं. "सात आठवडे," मादाम म्हणाल्या. सात आठवड्यांची सवय ऐंशी वर्षं टिकली याचं आईंना फार कौतुक वाटलं. त्यांच्या शाळेतल्या मुलांना सात वर्षं शिकवूनही पाढे टिकत नसत.

दोन्ही आवृत्त्यांमध्ये प्रत्येक वाक्य तेवढ्याच वेळात बसलं पाहिजे असा दंडक होता. त्यामुळे जर्मन मुलगी काम करत असताना मादाम कॅमेऱ्याशेजारी स्टुलावर बसून तिच्या ओठांकडे बघत, तिच्या श्वासाला श्वास लावत. त्या हे सांगत होत्या तेव्हा चेहरा उजळला होता. मग एकदम म्हणाल्या, "आणि पेटीत तो बसलेला असायचा." तो म्हणजे आवाजवाला. काचेच्या पेटीत, कानाला हेडफोन लावून. मादामचा प्रसंग झाला की तो मान हलवायचा. शेवटच्या दिवशी पेटीतून बाहेर येऊन सगळ्यांसमोर म्हणाला, "कुमारी, माइकला तुमचा आवाज मानवत नाही." हे वाक्य मादामच्या आधी पॅरिसला पोचलं. पुढच्या चित्रपटात त्यांना नायिकेचं काम कबूल केलेलं होतं, ते गेलं. त्यानंतरचंही गेलं. मादाम लिआँला परतल्या आणि हातमोज्यांच्या दुकानात उभ्या राहिल्या.

"खोटारडा होता तो," मादाम म्हणाल्या. "त्याने मला एका रविवारी तळ्यावर होडीत फिरायला बोलावलं होतं. मी गेले नाही. त्याचा सूड घेतला त्याने."

आईंनी सरळ विचारलं, "पण चित्रपट लागला तेव्हा स्वतः ऐकलाच असेल की तुम्ही."

हे जर्मनमध्ये सांगताना मला वाटलं, गाळावं. पण सांगितलं. मादामनी समोरचा कप बशीत फिरवून ठेवला. मग म्हणाल्या, "लिआँला एक आठवडा होता. दुकानाच्या वाटेवरच थिएटर. रोज दोनदा समोरून गेले. आत गेले नाही. वाटलं, तो खरं बोलत असला तर?" नंतर युद्ध आलं, चित्रपट कुठे नाहीसा झाला कुणाला कळलं नाही. स्वतःचा तो आवाज त्यांनी आजवर ऐकलाच नव्हता. त्यांनी ड्रॉवरमधून एक पत्र काढून माझ्यासमोर ठेवलं. जुन्या द्विभाषी चित्रपटांवर काम करणाऱ्या एका संशोधकाने लिहिलं होतं की फ्रेंच आवृत्तीची प्रत परदेशातल्या एका संग्रहात सापडली आहे, आणि शहरातल्या छोट्या थिएटरात रविवारी सकाळी अकरा वाजता ती दाखवायची आहे, मादाम प्रमुख पाहुण्या म्हणून येतील का. "पंधरा दिवस झाले पत्राला," त्या म्हणाल्या. "तुम्ही दोघी बरोबर आलात तर जाईन. तो खोटारडा होता की मी भित्री, एवढं मरायच्या आधी कळलं म्हणजे झालं."

त्या रविवारी निघताना आईंनी मादामच्या तळहातावर दही-साखर ठेवली. मादामनी ती खाल्ली आणि मध घालून पाहायला हवं असं मत दिलं. नितीन कंपनीच्या कामाला ड्युसेलडॉर्फला गेला होता, म्हणून आम्ही तिघी उ-बानने, म्हणजे मेट्रोने, गेलो. न्युरेम्बर्गच्या त्या गाडीला ड्रायव्हर नसतो. मादाम सगळ्यांत पुढच्या काचेपाशी बसल्या, आई डोळे मिटून रामरक्षा म्हणत राहिल्या आणि मी दोघींच्या पिशव्या धरून मध्ये उभी राहिले.

थिएटरात चाळीसेक माणसं होती. संशोधक चाळिशीचा, उंच, घामाघूम. त्याने मादामच्या हातात फुलं दिली, छोटं भाषण केलं, दिवे मालवले. पडद्यावर हॉटेलचं फिरतं दार दिसलं. दारवान टोपी काढून म्हणाला, "गुटन मॉर्गन."

मला कळायलाही क्षण गेला. मादामना कळलं होतं. त्यांनी माझा हात धरला. ही जर्मन आवृत्ती होती. संशोधक धावत आमच्या रांगेत आला, डब्यावर फ्रेंच नाव होतं, मी सुरुवातीच्या चौकटी दिव्यासमोर धरून पाहिल्या होत्या, तेच हॉटेल, तेच कपडे, असं काहीतरी कुजबुजत. दोन्हींत हॉटेल तेच असणार आणि कपडेही तेच, हे त्याच्याइतकं चांगलं कुणाला ठाऊक होतं? पण तोच फसला. बंद करतो म्हणाला. मादाम म्हणाल्या, "चालू द्या. तिला बघून खूप वर्षं झाली."

आणि ती आली. फोनच्या खोक्यासमोर बसलेली, गालाला खळी पडणारी, झगा घट्ट बसलेली मुलगी. तिने ओठ उघडले आणि माझ्या शेजारून आवाज आला. फ्रेंचमध्ये. आधी हलका, मग स्वच्छ. पडद्यावरची थांबली की मादाम थांबत, ती हसली की त्या हसत, तिने श्वास घेतला की ह्यांची छाती वर येई. एकही वाक्य मागे राहिलं नाही की पुढे गेलं नाही. लोक माना वळवून पाहू लागले. दुसऱ्या प्रसंगापासून वर यंत्राच्या खोलीतल्या माणसाने काय ते ओळखलं, आणि ती मुलगी आली की तो आवाज खाली घेऊ लागला. नऊ प्रसंग झाले. मला फ्रेंच येत नाही, पण कुठे हसायचं ते कळत होतं. आई तर सगळ्यांत आधी हसत होत्या. दिवे लागले तेव्हा चाळीस माणसं उभी राहून टाळ्या वाजवत होती आणि मी रडत होते, ते मी लपवलंही नाही.

बाहेर प्रत्येक जण येऊन सांगत होता की काय सुंदर आवाज आहे. मादाम मात्र हिरमुसल्या होत्या. "हा सत्त्याण्णव वर्षांच्या म्हातारीचा आवाज आहे," त्या मला म्हणाल्या. "ह्याच्याबद्दल कुणाचीच तक्रार नव्हती. ती सतरा वर्षांची मुलगी कशी बोलत होती ते राहिलंच."

संशोधक पायरीवर डोकं धरून बसला होता. त्या संग्रहात या चित्रपटाचे दोन संच होते, तो सांगत होता. एकावर फ्रेंच नाव, एकावर जर्मन. जर्मन प्रती इतरत्रही आहेत, म्हणून तो दुसरा संच मागवायचं कारणच नव्हतं. म्हणजे फ्रेंच आवृत्ती आता कायमची गेली म्हणायची. आईंनी मला कोपर मारलं. "काय म्हणतोय?" मी सांगितलं. त्या त्याच्याकडे अशा पाहायला लागल्या, जशा वर्गात पाहत असतील. "अगं, जिऱ्याच्या डब्यात शहाजिरं निघालं, तर जिरं कुठे असणार? शहाजिऱ्याच्या डब्यात. डबे घासून परत भरताना झाकणं बदलतात. त्याला म्हण, दुसरा डबा उघड."

आजूबाजूला सगळे सुशिक्षित जर्मन, समोर डॉक्टरेट केलेला माणूस, नितीन साडेचारशे किलोमीटरवर. मी म्हणाले, "आल्झो... तर, माझ्या सासूबाईंचं म्हणणं असं..." आणि जिऱ्यासकट सगळं सांगितलं. तो ऐकत राहिला. मग उभा राहिला. "गेनाऊ," तो म्हणाला, आणि थोड्या वेळाने परत, अगदी हळू, "गेनाऊ." अगदी बरोबर, या अर्थाचा हा शब्द आईंना येत होता. त्यांनी मान डोलावली.

तीन आठवड्यांनी आमच्या घरचा फोन वाजला आणि मी उचलला. उचलल्यावर लक्षात आलं की उचलला. त्या डब्यातली बरीच फिल्म चिकटून दगड झाली होती, पण एक रीळ निघालं होतं, दहा मिनिटांचं. फ्रेंच. मादाम त्यात होत्या. मी त्याच्याशी पाऊण तास बोलले, वेळ ठरवली, पत्ता समजावला आणि फोन ठेवून खाली धावले.

गुरुवारी दुपारी तो लॅपटॉप आणि दोन मोठे स्पीकर घेऊन आला. आईंचे परतायचे आठच दिवस राहिले होते. मादामनी केस बसवून घेतले होते, गळ्यात मोती. पडदे ओढले, आम्ही चौघं टेबलाभोवती बसलो. हॉटेल आलं, दारवान आला आणि या वेळी फ्रेंच बोलला. मग काडीसारखी एक मुलगी, खांद्यावरून घसरणाऱ्या झग्यात, डोळे मोठ्ठे. तिने फोन उचलला आणि बोलली.

खरं सांगायचं तर माझे दात आंबले. पत्र्यावर खिळा ओढावा असा आवाज होता, त्यातून नाकात. ती तीन वाक्यं बोलली, पाच बोलली, प्रत्येक वाक्याला मी टेबलक्लॉथवरची नक्षी बघत होते. रीळ संपलं. संशोधक घसा साफ करून म्हणाला की त्या काळचं ध्वनिमुद्रण फार प्राथमिक होतं, माइक फार कमकुवत होते. मादाम म्हणाल्या, "दारवानाचा आवाज छान आहे. माइक तोच होता." तेवढ्यात आई बोलल्या. आवाज कमी करणं त्यांना माहीतच नव्हतं. "दिसतेय किती गोड गं. आवाज मात्र चिरका आहे हो अगदी."

मादाम माझ्याकडे वळल्या. "काय म्हणाल्या?"

मी दुभाषी होते. मला हवं ते सांगता आलं असतं आणि कुणालाही कधी कळलं नसतं. संशोधकही जीव मुठीत धरून माझ्याकडे पाहत होता. मादाम ऐंशी वर्षं ज्याला भ्यायल्या होत्या ते माझ्या तोंडातून यायचं होतं. मी म्हटलं, "त्या म्हणाल्या, दिसता फार गोड. पण आवाज चिरका आहे."

मादामचा चेहरा आधी हललाच नाही. मग ओठ थरथरले, मला वाटलं झालं, आता रडतात. आणि त्या हसायला लागल्या. टेबलाला धरून, मोती हलेपर्यंत, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. "बिचारा," त्या म्हणत होत्या. "बिचारा, काचेच्या पेटीत सात आठवडे बसून हे ऐकत होता, आणि वर मला होडीत न्यायला तयार होता." आईंना सांगितलं तशा त्याही सुटल्या. संशोधकाने चष्मा काढून पुसायला घेतला.

शांत झाल्यावर मादाम म्हणाल्या, "तो खोटारडा नव्हता. मी भित्री होते. त्या आठवड्यात आत गेले असते तर अशीच हसून बाहेर आले असते. संध्याकाळपर्यंत संपलं असतं." हे त्या दुःखाने म्हणाल्या नाहीत, पण गंमत म्हणूनही म्हणाल्या नाहीत. मग माझ्याकडे बघून म्हणाल्या, "तुमचा आवाज काही इतका वाईट नाही. मग तुम्ही कशाला वाट बघता?" आणि संशोधकाला रीळ पुन्हा लावायला सांगितलं. दुसऱ्यांदा बघताना त्या आवाजाकडे लक्षच देत नव्हत्या. "बघा ना," म्हणाल्या, "काय मजेत आहे पोरगी."

आई साताऱ्याला गेल्या. सप्टेंबरात मी नोकरीसाठी अर्ज केले, दोन मुलाखतींत नापास झाले, तिसऱ्या ठिकाणी लागले. प्रत्येक मुलाखतीनंतर खाली जाऊन काय काय चुकीचं बोलले ते मादामना सांगायचं आणि दोघींनी हसायचं असा शिरस्ता पडला. घरी येणाऱ्या प्रत्येकाला त्या ते दहा मिनिटांचं रीळ दाखवायच्या. पार्सलवाल्यानेही ते पाहिलं.

जानेवारीत, दुपारी जेवण झाल्यावर खुर्चीत बसल्या बसल्याच मादाम गेल्या. अंत्यविधीबद्दल बोलायला भाचीचा लिआँहून फोन आला. मादामनी लिहून ठेवलं होतं की निरोपाला पाद्री नको, गाणं नको. ते रीळ लावायचं आणि त्याआधी वरच्या मजल्यावरच्या बाईंनी डब्यांची हकिगत सांगायची, त्यांच्या स्वतःच्या जर्मनमध्ये, कुणाकडून तपासून न घेता.

जर्मनीत दफनभूमीतला हॉल अर्ध्या तासासाठी मिळतो, पुढची मंडळी बाहेर थांबलेली असतात. काळ्या कोटातली तीसेक माणसं होती. भाची, संशोधक, बेकरीवाली, आमच्या इमारतीची देखभाल करणारा हाउसमायस्टर, जो जिन्यात सायकल ठेवली म्हणून सगळ्यांना चिठ्ठ्या लिहायचा. मी उभी राहिले. चिमटे सांगितले, पेटीतला माणूस सांगितला, जिरं आणि शहाजिरं सांगितलं, आणि शेवटी सांगितलं की आता जे ऐकाल त्याला हसलात तरी चालेल, मादाम हसल्या होत्या. चुका किती झाल्या ते मी मोजलं नाही.

संशोधकाने रीळ लावलं. त्या उंच, गार, फुलांनी भरलेल्या हॉलमध्ये सतरा वर्षांच्या मादाम आपल्या त्या भयंकर आवाजात बोलू लागल्या. पहिल्या वाक्याला कुणी हललं नाही. दुसऱ्याला बेकरीवालीने रुमाल तोंडावर धरला. तिसऱ्याला भाची फिस्सकन हसली आणि मग सगळा हॉल सुटला, शवपेटीशेजारी उभे असलेले दोन वाहकसुद्धा. डोळे पुसत, एकमेकांच्या खांद्याला धरत माणसं हसत होती. दहा मिनिटांनी पडदा पांढरा झाला. कुणी उठेना.

मागच्या रांगेतून हाउसमायस्टर म्हणाला, "पुन्हा एकदा लावता येईल का?"

सगळ्यांनी दाराशी उभ्या असलेल्या हॉलच्या व्यवस्थापकाकडे पाहिलं. त्याने घड्याळ बघितलं, मग बाहेर जाऊन पुढच्या मंडळींशी काहीतरी बोलला. परत आला तेव्हा त्याच्यामागून ती अनोळखी माणसंही कोट सावरत आत आली आणि भिंतीला टेकून उभी राहिली. संशोधकाने पुन्हा लावलं.